बंद कारखान्याचा प्लॉट घेतोय – 'पूर्वपरवानगीशिवाय हस्तांतरण नाही' या अटीत काय काय येतं?

लेथवाला

नमस्कार मंडळी. अकरा वर्षं भाड्याच्या गाळ्यात जॉबवर्क करतोय. दोन सीएनसी, एक व्हीएमसी, सहा माणसं. यंदा भाडं वाढवताना गाळेमालक म्हणाला, "परवडत नसेल तर बघा दुसरीकडे." तेव्हापासून बघतोच आहे.

एमआयडीसीतला, म्हणजे औद्योगिक विकास महामंडळाचा, हजार चौरस मीटरचा एक प्लॉट समोर आलाय. १९९६ चं वाटप, सहा-सात वर्षं बंद. मालक काका सत्तरीच्या पुढचे, मुलं परदेशात, त्यांना आता मोकळं व्हायचंय. शेडचे पत्रे गेलेत, पन्हळीतून पिंपळ दोन हात वर आलाय. आत जुन्या पॉवर प्रेसचे खड्डे आणि त्यात काळं पाणी. पण रस्ता रुंद, पाण्याची लाइन दारात, खांबही समोरच. मला जागा आवडली.

एजंट म्हणतो, तीन वाटा आहेत. एक सरळ: महामंडळाकडे अर्ज, हस्तांतरण शुल्क भरा, मग नाव लागेल. दुसरी: काकांकडून विसार पावती आणि रजिस्टर कुलमुखत्यारपत्र (पॉवर ऑफ अॅटर्नी) घ्या, ताबा घ्या, मशिनी लावा, शुल्क नंतर सवडीने. तिसरी: प्लॉट प्रायव्हेट लिमिटेडच्या नावावर आहे, तर शेअरच घ्या. "जमीन जागची हललीच नाही, मग परवानगी कसली?" हे त्याचं लाडकं वाक्य. दुसऱ्या आणि तिसऱ्या वाटेत आठ-दहा लाख वाचतात म्हणे.

मला पटतंय आणि पटत नाहीयेसुद्धा. पैसे माझे आहेत आणि अर्धे बँकेचे असतील. जाणकारांनी सांगा.

सातबारा_बघणारा

कागद काय काय पाहिलेत? खास करून अंतिम भाडेपट्टा आहे का?

लेथवाला

कागद साडीच्या दुकानाच्या पिशवीत आहेत, काकांनी पिशवीच हातात दिली. वाटपपत्र, ताबा पावती, पाण्याची बिलं, आणि १९९६ चं 'अग्रीमेंट टू लीज'. तोच भाडेपट्टा ना?

सातबारा_बघणारा

नाही हो, आणि मेख तिथेच आहे.

महामंडळ प्लॉट देतं तेव्हा आधी करार होतो, तोच हा अग्रीमेंट टू लीज. त्यात म्हटलेलं असतं की ठरलेल्या मुदतीत बांधकाम पूर्ण करा, बीसीसी म्हणजे इमारत पूर्णत्वाचा दाखला घ्या, मग आम्ही तुम्हाला ९५ वर्षांचा भाडेपट्टा करून देऊ. वार्षिक भाडं नाममात्र, एक रुपया. खरी किंमत सुरुवातीला प्रीमियम म्हणून घेतलेली असते. पण तो भाडेपट्टा होईपर्यंत प्लॉटवर बसलेला माणूस कायद्याच्या भाषेत परवानाधारक असतो. आत येऊन बांधकाम करायची मुभा, एवढाच त्याचा हक्क.

म्हणजे काकांकडे बीसीसी नसेल तर विकायला त्यांच्याकडे भाडेपट्टासुद्धा नाही. आणि असला तरी तुम्ही 'जमीन' घेत नाही, उरलेली वर्षं घेताय. १९९६ ला ९५ मिळवा, साधारण २०९१. मालकी तेव्हाही महामंडळाची आणि आजही.

गल्ली_नंबर_चार

आमच्या लाइनीत बारा शेड आहेत. पाटीवरचं नाव आणि फाइलमधलं नाव एकच असलेल्या चार. बाकी सगळे 'काकांचा प्लॉट चालवायला घेतलाय'वाले. वीस वर्षं कोणी विचारलं नाही. तपासणीला साहेब आले की मूळ मालकाला फोन, तो जावयासारखा नवा शर्ट घालून खुर्चीत येऊन बसतो, चहा पितो, जातो. 😀

उगाच घाबरवू नका त्यांना.

काळा_कोट

गल्ली क्रमांक चार, वीस वर्षं कोणी विचारलं नाही हे खरं असेल, पण विचारलं जातं ते एकदाच, आणि तेव्हा चहा पुरत नाही. लेथवाले साहेब, जरा सविस्तर लिहितो.

साध्या खाजगी भाडेपट्ट्यात काय असतं? मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२, कलम १०८(जे). करारात वेगळं काही ठरलेलं नसेल तर भाडेपट्टेदार आपला हक्क दुसऱ्याला देऊ शकतो, गहाण ठेवू शकतो, पोटभाड्यानेही देऊ शकतो. अडचण 'वेगळं काही ठरलेलं नसेल तर' या शब्दांत आहे. महामंडळाच्या करारात वेगळंच ठरलेलं असतं: लेखी पूर्वपरवानगीशिवाय विक्री, गहाण, पोटभाडं, ताब्यात भागी, काहीच नाही. लोक मग कलम १० दाखवतात, की विक्रीवर संपूर्ण बंदी घालणारी अट रद्दबातल असते. त्याच कलमात पुढे अपवाद आहे: भाडेपट्ट्यात मालकाच्या फायद्यासाठी घातलेली अशी अट चालते. तिथे वाट बंद.

अट मोडली तर काय? कलम १११(जी). करारातच 'अट मोडल्यास पुन्हा ताबा घेऊ' असं लिहिलेलं असेल, आणि असतंच, तर मालक नोटीस देऊन भाडेपट्टा संपवू शकतो. तुमच्या काकांच्या बाबतीत तर भाडेपट्टाच दिसत नाही, परवाना आहे. परवाना मोडायला त्याहून कमी कष्ट लागतात.

आता विसार आणि कुलमुखत्यारपत्र. सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑक्टोबर २०११ ला सूरज लॅम्प प्रकरणात स्पष्ट सांगितलं की विक्रीकरार, कुलमुखत्यारपत्र, मृत्युपत्र हा जो संच लोक विक्रीऐवजी वापरतात, त्याने स्थावरात कसलाही हक्क जात नाही. हस्तांतरण व्हायचं ते रीतसर नोंदलेल्या दस्तानेच. 'रजिस्टर केलेलं कुलमुखत्यारपत्र' हे ऐकायला भारदस्त वाटतं. ते रजिस्टर झालेलं असतं, पण कुलमुखत्यारपत्र म्हणूनच. शिवाय तुमच्या प्रकरणात ते देणार कंपनी, म्हणजे त्यामागे संचालक मंडळाचा ठराव. उद्या मुलं संचालक झाली आणि त्यांनी ठराव फिरवला तर तुम्ही मशिनींसकट आत, आणि कागद बाहेर.

बँकेचं सांगायलाच नको. तारण ठेवायलाही महामंडळाची संमती लागते, बऱ्याचदा त्रिपक्षीय करार. कुलमुखत्यारपत्रावर तो होणार नाही.

लेथवाला

काळा कोट साहेब, दुसरी वाट बंद झाली असं समजतो. मग शेअरचं काय? कंपनी तीच, नाव तेच, भाडेपट्टेदार तोच. फक्त भागधारक बदलले. यात हस्तांतरण कुठे झालं?

ताळेबंद

याचं उत्तर मी देते, कारण हा सल्ला आमच्याच व्यवसायातले लोक देत असतात.

पुस्तकी उत्तर तुमच्या एजंटच्या बाजूने आहे. कंपनी वेगळी व्यक्ती, भागधारक वेगळे, भागधारकाला कंपनीच्या मालमत्तेत थेट हक्क नसतो. पण महामंडळ हे जाणून आहे. भागधारणा बदलून नियंत्रण दुसऱ्याकडे गेलं तर तेही हस्तांतरणच धरलं जातं आणि त्याचंही शुल्क लागतं. एकल मालकीची भागीदारी झाली, नवीन भागीदार आला, जुना निवृत्त झाला, विलीनीकरण झालं, या सगळ्यांना परवानगी लागते. घरच्या घरी बदल असेल, वारस असतील, तर त्याला औपचारिक हस्तांतरण म्हणतात आणि हात सैल असतो. परक्याला दिलं की अनौपचारिक, तिथे पूर्ण दर. (या दोन शब्दांवरून गोंधळून जाऊ नका. 'अनौपचारिक'लाच जास्त औपचारिकता असते.)

आणि न्यायालयं रूपापेक्षा करारातली अट बघतात. १९८६ चा जनरल रेडिओ अँड अप्लायन्सेस विरुद्ध एम. ए. खादर हा निकाल वाचा. हैदराबादची भाड्याची जागा, भाडेकरू कंपनी उच्च न्यायालयाच्या आदेशाने दुसऱ्या कंपनीत विलीन झाली. म्हणणं असं की हे आम्ही केलेलं नाही, कोर्टाच्या आदेशाने झालं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, मालकाच्या लेखी संमतीशिवाय ताबा दुसऱ्या कंपनीकडे गेला ना, मग झालं. जागा गेली. तो निकाल भाडे नियंत्रण कायद्याखालचा आहे आणि विलीनीकरणाचा आहे, तुमचं प्रकरण तसंच्या तसं त्यात बसत नाही. पण 'जमीन जागची हलली नाही' या युक्तिवादावर किती भिस्त ठेवायची ते त्यावरून कळतं.

मला याहून मोठी भीती वेगळीच वाटते. शेअर घेतले की कंपनीचा सगळा भूतकाळ घरी येतो. जुना विक्रीकर, पीएफ, कामगारांची ग्रॅच्युइटी, कुठे तरी दिलेली हमी. सात वर्षं बंद कंपनी म्हणजे सात वर्षांची न भरलेली विवरणपत्रंही असतील. आठ-दहा लाख वाचवायला आठ-दहा कपाटं विकत घेऊ नका.

सरळ वाटेचा हिशेब करताना तीन रकाने धरा. पहिला महामंडळाचं शुल्क. ते आजच्या दरावर आकारतात, १९९६ च्या नाही, आणि बीसीसी घेतलेल्या प्लॉटला हलकं, न घेतलेल्याला जड असतं. दर परिपत्रकागणिक बदलतात, म्हणून आकडा एजंटच्या तोंडून न घेता लेखी मागणीपत्रातून घ्या. दुसरा मुद्रांक: भाडेपट्ट्याच्या अभिहस्तांतरणाला, म्हणजे त्याचा हक्क दुसऱ्याच्या नावे करायला, खरेदीखताप्रमाणेच शुल्क. 'फक्त भाडेपट्टाच तर आहे' म्हणून कमी लागत नाही. तिसरा जीएसटी. महामंडळ पहिल्यांदा तीस वर्षं किंवा त्याहून जास्त मुदतीने औद्योगिक प्लॉट देतं तेव्हाचा प्रीमियम करमुक्त आहे. पण काका तुम्हाला देतात त्यावर खात्याने अठरा टक्क्यांच्या नोटिसा काढल्या होत्या. गुजरात उच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२५ ला जीआयडीसीच्या (तिथल्या औद्योगिक महामंडळाच्या) प्लॉटांबाबत असा कर लागत नाही असं ठरवलं. आपल्याकडे त्याचा आधार घेता येतो, पण करारात 'कर लागलाच तर कोण भरणार' हे वाक्य विसरू नका. एका वाक्यावर हजार चौरस मीटरचे अठरा टक्के लटकलेले असतात.

बांधावरून

धागा वाचतोय. सगळे शुल्क कसं वाचवायचं यावर बोलताहेत. शुल्क का आहे यावर कोणी बोलेना, म्हणून लिहितो.

आमची साडेपाच एकर १९८९ ला गेली. विकली नाही, गेली. महाराष्ट्र औद्योगिक विकास अधिनियम १९६१, कलम ३२. आजोबांनी पैसे घेताना सहीच्या वर 'हरकत राखून' असं लिहिलं होतं. लिहिता तेवढंच येत होतं, ते त्यांनी तलाठ्याला विचारून आदल्या रात्री घरी वहीवर गिरवलं होतं. ती वही अजून आहे. वाढीव मोबदल्याचा निकाल लागला तेव्हा आजोबा नव्हते.

आता त्या साडेपाच एकरांत नऊ शेड आहेत. विहीर होती तिथे ट्रान्सफॉर्मर आहे. माझी हरकत कारखान्याला नाही, माझा भाऊ त्यातल्याच एकात क्वालिटीला आहे. पण एका शेडवाल्याने दहा वर्षं नुसती कंपाउंड वॉल बांधून ठेवली आणि मग प्लॉट 'दिला'. किती पटीने दिला ते अख्ख्या गावाला माहीत आहे. तो प्लॉट त्याला स्वस्त मिळाला तो सरकारने खिशातून पैसे घातले म्हणून नाही. आजोबांना कमी मिळाले म्हणून. सवलत कोणाची होती मग?

मी थोडं वाचलंय यावर, दुखतं ना म्हणून. १९६१ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयात आर. एल. अरोरा नावाचा खटला निकाली निघाला. कानपूरची जमीन, कापड गिरण्यांच्या यंत्रांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीसाठी सरकारने संपादित केली होती. न्यायालयाने ते संपादन रद्द केलं, कारण जनतेला थेट उपयोग दिसेना. लगेच १९६२ ला संसदेने १८९४ चा भूसंपादन कायदा दुरुस्त केला. कंपन्यांसाठी संपादनाची वाट मोकळी केली, पण त्याच दुरुस्तीत कलम ४४अ आलं: अशी जमीन कंपनीला सरकारच्या पूर्वमंजुरीशिवाय विकता, गहाण टाकता, बक्षीस देता, भाड्याने देता येणार नाही. म्हणजे एका हाताने दिलं आणि दुसऱ्या हाताने दोरी बांधली. दोरी नसती तर ते संपादन नव्हतं, सरकारी शिक्क्याने केलेली जमीन-दलाली होती. एमआयडीसी १९६२ च्याच ऑगस्टमधली.

२०१३ च्या कायद्यात हे आणखी स्पष्ट आहे. कलम ९९ हेतू बदलायचा नाही. कलम १०० मालकी परवानगीशिवाय बदलायची नाही. १०१ मध्ये ताबा घेऊन पाच वर्षं जमीन पडून राहिली तर मूळ मालकाला किंवा भूमी बँकेत परत. आणि १०२: काहीही विकास न करता संपादनापासून पाच वर्षांत जास्त पैशाला दिली, तर वाढलेल्या किमतीच्या चाळीस टक्के मूळ मालकांत वाटायचे. एमआयडीसीचं संपादन स्वतःच्या कायद्याने होतं, त्यामुळे ही कलमं आम्हाला सरळ लागू पडत नाहीत हे मला माहीत आहे. आमच्यानंतर ज्यांनी संमतीने जमिनी दिल्या त्यांना विकसित जमिनीचा पंधरा टक्के परतावा तरी मिळतो. आम्हाला तोही नाही.

लेथवाले दादा, तुमच्यावर राग नाही. तुम्ही मशिनी लावणार आहात. लावा.

काळा_कोट

बांधावरून, कायद्याचा मुद्दा तुम्ही आमच्यापेक्षा नीट मांडलात. एकच भर: महामंडळाच्या प्लॉटला ४४अ लागत नाही, कारण जमीन महामंडळाच्याच मालकीची राहते आणि बंधन करारातून येतं. ४४अ लागतं ते जुन्या कायद्याच्या सातव्या भागाखाली थेट कंपनीसाठी संपादन झालेल्या जमिनींना. जुन्या मोठ्या कारखान्यांच्या अनेक जमिनी तशा आहेत.

फाउंड्रीवाला

बांधावरून यांच्या आजोबांच्या वहीपुढे काही बोलायची माझी लायकी नाही. तरी दुसरी बाजू लिहितो, कारण ती रोज बघतो.

कंपाउंड वॉल बांधून बसणारे वेगळे आणि वीस वर्षं भट्टी चालवून थकलेले वेगळे. नियम दोघांना जवळपास एकच. माझे एक स्नेही, कास्टिंग बंद पडलं, गुडघे गेले. विकायला गेले तर मुदतवाढीचं शुल्क, पाण्याची थकबाकी, हस्तांतरण, मुद्रांक, सगळं काढून हातात उरतं ते बघून विचारच सोडला. प्लॉट परत करावा तर भरलेला प्रीमियम, तोही वजावट करून. तीस वर्षांपूर्वीचे रुपये! मग काय केलं? शेडला कुलूप, एक म्हातारा वॉचमन, आणि वीजबिल शून्य दिसू नये म्हणून आत रात्रंदिवस एक बल्ब. त्या बल्बखाली हजारभर मीटर जागा सडतेय, आणि लेथवाल्यांसारखे गाळ्यात भाडं भरताहेत.

दोरी हवी. पण दोरीने गाय मरू नये.

बांधावरून

बल्बवाल्याचं दुःख कळतं. त्याला सवलत द्या ना. ज्याने पंधरा वर्षं उत्पादन दाखवलं, कामगारांचा पीएफ भरला, त्याला शुल्क कमी. ज्याने नुसतं गवत वाढवलं त्याला फुगीर पैशातला एक रुपया मिळू नये. हा फरक कागदावर करता येतो, भिंत आणि भट्टी फोटोत वेगळी दिसते.

गल्ली_नंबर_चार

+१. आणि माझ्या वरच्या प्रतिसादाची जरा लाज वाटतेय. जरा.

लिलावात_घेतला

लेथवाले, एक चौथी वाट तुम्हाला अजून कोणी दाखवली नाही, ती मीच सांगतो आणि मीच नको म्हणतो. बँकेचा लिलाव.

मी २०१८ ला घेतला. जाहिरातीत बारीक अक्षरात 'जशी आहे, जिथे आहे'. मला वाटलं ते पत्र्यांबद्दल आहे. विक्रीचा दाखला हातात आला, ढोल वाजवायचा बाकी होता. मग कळलं की बँकेने विकला तो कर्जदाराचा भाडेपट्ट्याचा हक्क, आणि महामंडळाचं हस्तांतरण शुल्क त्यात नाही. ते माझ्या डोक्यावर. त्यानंतर वीज. जुन्या मालकाची थकबाकी जागेवर बसलेली, ती भरल्याशिवाय नवीन जोडणी नाही.

यात चूक माझी. नोटीस नीट वाचली नाही. थकबाकीचं नंतर शिकलो ते असं: महाराष्ट्र वीज नियामक आयोगाच्या २००५ च्या पुरवठा संहितेत होतं की वारस नसलेल्या नव्या मालकाकडून जास्तीत जास्त सहा महिन्यांची थकबाकी घेता येते. ते दाखवल्यावर आकडा खाली आला, पण त्यात चार महिने गेले, आणि मशिनी ताडपत्रीखाली. पुढे १९ मे २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने के. सी. निनन प्रकरणात सांगितलं की पुरवठ्याच्या नियमांत तरतूद असेल तर जुनी थकबाकी नव्या मालकाकडे मागता येते, आणि 'जशी आहे' म्हणून घेणाऱ्याने चौकशी करूनच घ्यायचं असतं. तेव्हा वीज, पाणी, तीन-तीन ठिकाणची ना-देय प्रमाणपत्रं आधी. नंतर पेढे.

काळा_कोट

लिलावाचा विषय निघालाच आहे तर दिवाळखोरीचाही बघा, कारण 'एनसीएलटीच्या (दिवाळखोरीची प्रकरणं बघणाऱ्या कंपनी न्यायाधिकरणाच्या) आदेशाने घेतला की सगळं धुऊन निघतं' असाही एक समज आहे. मरोळचं सेव्हन हिल्स रुग्णालय आठवतंय? जागा मुंबई महापालिकेची. तीस वर्षांचा भाडेपट्टा ठरला होता, पण आधी बांधकाम पूर्ण व्हायचं होतं, ते झालं नाही, म्हणून भाडेपट्टा लिहिलाच गेला नाही. (लेथवाले, ओळखीचं वाटतंय ना?) कंपनी दिवाळखोरीत गेली, दुसऱ्या गुंतवणूकदाराची योजना एनसीएलटीने मंजूर केली. १५ नोव्हेंबर २०१९ ला सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. महापालिकेच्या कायद्याच्या कलम ९२ प्रमाणे तिची मंजुरी घेतली नव्हती, आणि दिवाळखोरी कायदा सार्वजनिक संस्थेच्या जमिनीवरची तिची पकड सोडवत नाही.

सातबारा_बघणारा

थोडं अवांतर, पण कोणाच्या तरी कामी येईल. सगळ्याच सवलतीच्या जमिनी महामंडळाच्या नसतात. सहकारी औद्योगिक वसाहतींना किंवा एखाद्या कारखान्याला कलेक्टरने थेट सरकारी जमीन दिलेली असते. तिथे सातबाऱ्यावर 'भोगवटादार वर्ग २' दिसतं. वर्ग २ म्हणजे कलेक्टरच्या परवानगीशिवाय विक्री नाही, आणि परवानगी मिळाली तरी अनर्जित उत्पन्नाचा, म्हणजे आपोआप वाढलेल्या किमतीचा वाटा, ज्याला आपण नजराणा म्हणतो, तो सरकारजमा. न विचारता विकलं की शर्तभंग. फेरफार कधी तरी नोंदला जातोही, आणि दहा वर्षांनी शर्तभंगाची नोटीस येते ती शेवटच्या मालकाला. पैसे भरून वर्ग २ चं वर्ग १ करून घ्यायची सोय २०१९ च्या नियमांनी आली.

मोठ्या शहरांत अजून एक भूत आहे: नागरी जमीन कमाल धारणा. १९७६ चा कायदा महाराष्ट्रात २९ नोव्हेंबर २००७ ला गेला, पण कलम २० खाली 'उद्योगासाठी' म्हणून दिलेल्या सूट-आदेशांच्या अटी शिल्लक राहिल्या असं २०१४ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ठरवलं. कायदा गेला, शेरा सातबाऱ्यावर बसून आहे.

ईटीपी

खड्ड्यातलं काळं पाणी म्हणालात. त्या शेडमध्ये आधी नक्की काय चालायचं? प्रेसचंच काम की प्लेटिंग, म्हणजे धातूवर मुलामा चढवणंही? प्लेटिंग असेल तर घ्यायच्या आधी माती तपासा. प्रदूषण मंडळाची जुनी संमती तुम्हाला आपोआप मिळत नाही, नवी काढावी लागते, आणि आत घातक कचरा सापडला तर 'आधीच्याने टाकला' हे ऐकायला समोर कोणी नसतं.

लेथवाला

मंडळी, सगळ्यांचे आभार. महिनाभराने येतोय, त्यामुळे एकदम लिहितो.

काकांना घेऊन कार्यालयात गेलो, फाइल काढायला लावली. बीसीसी घेतलेलीच नाही. १९९९ ला बांधकाम झालं, नकाशात नसलेला एक पोटमाळा काढला, तो नियमित करायचा राहिला, म्हणून दाखला राहिला, म्हणून भाडेपट्टा राहिला. पंचवीस वर्षं काका भाडेपट्टेदार असल्याच्या समजुतीत होते. फाइलमध्ये मुदत संपल्याची दोन पत्रं होती, दोन्ही 'पत्त्यावर कोणी नाही' शेऱ्याने परत आलेली. काकांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला आणि मला म्हणाले, "म्हणजे मी भाडेकरूसुद्धा नव्हतो?" मला काय बोलावं सुचेना.

एजंटला हे माहीत होतं असं मला आता वाटतं. दुसरी-तिसरी वाट उगाच नव्हती. सरळ वाट त्याला काढताच आली नसती.

ठरलं असं: पोटमाळा काका पाडणार, बीसीसी आणि भाडेपट्टा काकांच्या कंपनीच्या नावाने, तो खर्च किमतीतून वजा. मग हस्तांतरणाचा अर्ज, मागणीपत्र आल्यावर शुल्क मी भरणार. तोवर विसार म्हणून जेवढी रक्कम बुडाली तरी जगू शकेन तेवढीच दिली आहे, आणि परवानगी नाकारली तर परत, असं लिहून घेतलंय. जीएसटीचं वाक्य घातलं, ताळेबंदताई. ताबा घेतलेला नाही. एकही मशीन आत गेलेली नाही, किल्ली काकांकडेच आहे. गाळ्याचं वाढीव भाडं अजून वर्षभर भरावं लागणार, त्याला इलाज नाही.

ईटीपी, प्लेटिंग नव्हतं, पण खड्ड्यातलं तेल आहे. नमुना प्रयोगशाळेत दिलाय.

बांधावरून दादा, फाइलमध्ये मूळ गट क्रमांकही होता. गावाचं नाव तुमचं नाही, पण मी लिहून घेतलाय. का ते माहीत नाही.

बांधावरून

तुमची एकर होती की गुंठे?

लेथवाला

गट दोन एकर एकोणीस गुंठ्यांचा. माझ्या वाट्याला त्यातले दहा गुंठे येतील. तिघा भावांच्या नावावर होता.

फाउंड्रीवाला

पिंपळ काढताना मूळ भिंतीत किती गेलंय ते आधी बघा. वरून तोडलात तर पुन्हा येतो.